कोरियाच्या उंबरठ्याआत नेणारी पुस्तके

प्रश्न : तळेगावजवळच्या एका कोरियन कंपनीत मी नोकरी करतो. कोरियन वरिष्ठांशी बोलणे कामापुरतेच होते. घरी पत्नी आणि मुलगी कोरियन मालिका पाहतात. मालिकांतली आलिशान घरे आणि कंपनीतली करडी शिस्त यांच्या मधे जो सर्वसामान्य कोरियन माणूस असेल तो कसा राहतो, कशासाठी झुरतो, घरात काय बोलतो, हे पुस्तकांतून समजून घ्यावेसे वाटते. इंग्रजी वाचनाची सवय आहे. कोरियाची ओळख करून देणारी बरीच पुस्तके दुकानात दिसली. त्यांतले कोणते घ्यावे?
— एक वाचक, तळेगाव दाभाडे

उत्तर : ती पुस्तके सध्या दुकानातच राहू द्यावीत, असे मी सुचवीन. परक्या वाचकासाठी लिहिलेल्या पुस्तकाला परक्याला काय नवलाचे वाटेल याचा विचार आधी करावा लागतो, आणि त्यामुळे किमची, वाकून केलेले नमस्कार, वेगवान आगगाड्या व पॉप संगीत यांनाच त्यात मोठी जागा मिळते. कोरियन माणसाने कोरियन वाचकासाठी लिहिलेल्या आणि ज्यांच्यावरून तिथल्या घराघरांत वाद झाले अशा पुस्तकांपासून आपण सुरुवात करावी, कारण समाजाला स्वतःबद्दल काय खुपते ते त्या वादांतून कळते. यातली बरीचशी पुस्तके कादंबऱ्या आहेत.

पहिले नाव चो नाम-जू यांच्या ‘किम जी-यंग, बॉर्न 1982’ या 2016 साली प्रसिद्ध झालेल्या कादंबरीचे. आकाराने लहान आणि शैलीने जाणूनबुजून रुक्ष असलेल्या या पुस्तकाच्या कोरियात दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या. जी-यंग हे नाव त्या पिढीतल्या मुलींमध्ये अगदी सर्रास आढळणारे आहे, आणि तिच्या आयुष्यात घडते तेही सर्रास घडणारेच आहे. लहानपणी ताटे वाढताना आधी वडील, भाऊ आणि आजी यांचा विचार होतो. आईने तरुणपणी कारखान्यात राबून आपल्या भावांची शिक्षणे केलेली असतात. नोकरी लागल्यावर ग्राहक कंपनीच्या साहेबांसोबतच्या जेवणात नको असताना दारूचे पेले रिकामे करावे लागतात. आणि मूल झाल्यावर ती नोकरी सुटते. एक प्रसंग मुद्दाम सांगतो. विवाहनोंदणीच्या अर्जात ‘अपत्याला आईचे आडनाव लावण्याचे ठरले आहे काय’ असा प्रश्न असतो आणि नवराबायको थोडे घुटमळून ‘नाही’वर खूण करतात. घरातला पुरुष हाच कुटुंबप्रमुख मानणारी ‘होजू’ ही नोंदणीपद्धत 2005 साली कायद्यातून काढली गेली आणि 2008 पासून ती प्रत्यक्षात बंद झाली. कायदा बदलला तरी घरातला हात जुन्याच रकान्याकडे कसा वळतो, हे लेखिकेने त्या एका खुणेतून दाखवले आहे.

या कादंबरीतली आई तिसऱ्या खेपेला मुलगीच आहे असे कळल्यावर गर्भपात करून घेते. 1990 साली कोरियात दर 100 मुलींमागे 116 हून अधिक मुलगे जन्मत होते. गर्भाचे लिंग सांगण्यावर तिथे 1987 मध्ये बंदी आली. आपल्या महाराष्ट्राने देशात सर्वांत आधी असा कायदा केला तो त्यानंतर वर्षभराने, 1988 मध्ये. फरक असा, की कोरियातले प्रमाण पुढच्या वीसेक वर्षांत नैसर्गिक पातळीवर आले आणि तिथल्या घटनात्मक न्यायालयाने फेब्रुवारी 2024 मध्ये लिंग सांगण्यावरचे उरलेसुरले निर्बंधही अनावश्यक ठरवून रद्द केले. मराठी वाचकाने ही कादंबरी ‘अगदी आपल्यासारखेच’ म्हणून मिटून ठेवू नये, असे मला वाटते ते यासाठीच. तिथे मुलगी नको असण्याचा प्रश्न मागे पडला, आणि आता मूलच नको असा निर्णय पुष्कळ तरुण स्त्रिया घेत आहेत. 2023 साली एका स्त्रीमागे सरासरी अपत्यसंख्या 0.72 इतकी खाली गेली होती. त्या आकड्यामागची कारणे कादंबरीत कुठेही भाषण न करता येतात. पुस्तक किती झोंबले याचा अंदाज यावा म्हणून सांगतो : एका लोकप्रिय गायिकेने आपण ते वाचल्याचे नुसते सांगितले, तेवढ्यावरून तिच्या काही पुरुष चाहत्यांनी तिची छायाचित्रे जाळली.

दुसरे पुस्तक शिन क्युंग-सुक यांचे ‘प्लीज लुक आफ्टर मॉम’, मूळ प्रकाशन 2008 सालचे. खेड्यातून मुलांकडे सोलला आलेली वृद्ध आई भुयारी रेल्वेच्या स्थानकावर नवऱ्यापासून चुकते आणि सापडत नाही, एवढेच कथानक. मुले शोधपत्रक लिहायला बसतात तेव्हा आईचे खरे जन्मवर्ष कोणते, तिचा अलीकडचा फोटो कोणता, तिच्या अंगावर काय होते, यावरच अडतात. लेक प्रसिद्ध लेखिका आहे आणि आईला वाचता येत नव्हते, हे तिला फार उशिरा उमगलेले असते. 1960 साली ज्या देशातली चारातली जवळजवळ तीन माणसे खेड्यात राहत होती, तिथे चाळीस वर्षांत पाचांपैकी चार शहरवासी झाली. या वेगाने कुटुंबाची वीण कशी उसवली हे त्या शोधपत्रकाच्या मसुद्यात दिसते. शेवटाकडे कादंबरी डोळ्यांत पाणी आणण्याची जरा जास्तच खटपट करते, पण पहिले दोन भाग उत्तम आहेत.

मालिकांतल्या आलिशान घरांचा उल्लेख आपण केला आहे, म्हणून तिसरे पुस्तक सुचवतो. चो से-हुई यांचे ‘द ड्वार्फ’ हे 1978 साली आलेले, एकमेकींत गुंतलेल्या कथांचे पुस्तक आहे. लष्करी राजवटीत सोलच्या झोपडवस्त्या पाडून तिथे इमारती उभ्या राहत होत्या. पाडापाडीच्या बदल्यात रहिवाशांना नव्या इमारतीत घर घेण्याचा हक्क मिळे, पण घराची किंमत भरण्याइतके पैसे नसल्याने तो हक्क सटोडियांना विकावा लागे. कथेतले बुटके, कष्टकरी कुटुंबप्रमुख आणि त्यांची माणसे घरात जेवत असतानाच पाडकाम करणारे भिंतीवर घण घालतात. कुटुंब जेवण पुरे करते आणि मग उठते. मुंबईतल्या पुनर्वसन योजनांच्या बातम्या वाचणाऱ्याला यातला व्यवहार समजावून सांगावा लागणार नाही. घराचा हा घोर आजही सुटलेला नाही. तिथे ‘जॉन्से’ नावाची भाड्याची पद्धत आहे : घराच्या किमतीच्या निम्म्याहून अधिक, कधी सत्तर-ऐंशी टक्के रक्कम मालकाकडे ठेवायची, दरमहा भाडे द्यायचे नाही आणि साधारण दोन वर्षांची मुदत संपली की रक्कम परत घ्यायची. मुंबईत ज्याला हेवी डिपॉझिट म्हणतात त्याचेच हे देशव्यापी रूप. रक्कम बुडवणाऱ्या मालकांची प्रकरणे अलीकडच्या वर्षांत तिथे फार गाजली. आपले कोरियन सहकारी लग्नाआधी घराची रक्कम जमवण्याच्या विवंचनेत का असतात, हे एवढ्यावरून लक्षात येईल.

ही तीन झाली, की ओळख करून देणारी पुस्तके उपयोगाची ठरतात, कारण तोवर आपल्यापाशी स्वतःचे प्रश्न असतात. त्यांतल्या त्यात डॅनियल ट्यूडर यांचे ‘कोरिया : द इम्पॉसिबल कंट्री’ नेटके आहे. ट्यूडर सोलमध्ये ‘द इकॉनॉमिस्ट’चे वार्ताहर होते आणि व्यापारापासून धर्मापर्यंत बऱ्याच विषयांना त्यांनी हात घातला आहे; पण पुस्तक 2012 चे आहे, त्यामुळे राष्ट्राध्यक्षांना पायउतार करणारी 2016-17 ची मेणबत्ती आंदोलने त्यात असणे शक्य नाही. तिथवरचा काळ हवा असेल तर मायकेल ब्रीन यांचे 2017 मधले ‘द न्यू कोरियन्स’ पाहावे, मात्र त्यांच्या ठाम विधानांकडे थोड्या सावधपणे पाहावे. ‘कोरियन माणूस असा असतो’ अशी वाक्ये ते फार सहज लिहून जातात.

प्रश्न : नोबेल मिळाल्याचे वाचून हान कांग यांची ‘द व्हेजिटेरियन’ वाचली. मांसाहार सोडणाऱ्या बाईची ही विचित्र गोष्ट जगात कुठेही घडू शकेल; त्यात कोरिया कुठे आहे, ते मला सापडले नाही. माझ्या वाचनात काही निसटले का?
— एक निवृत्त शिक्षिका, सांगली

उत्तर : निसटले असेल तर ते जेवणाच्या टेबलावर. या कादंबरीतले दोन प्रसंग पुन्हा वाचावेत. पहिल्यात नायिका यंग-हे नवऱ्याच्या वरिष्ठांबरोबर आणि त्यांच्या पत्नींबरोबर जेवायला बसते आणि जवळजवळ काहीच खात नाही. कोरियन कंपनीत अशा जेवणात सगळ्यांसोबत खाणे-पिणे हा निष्ठेचा भाग असतो, त्यामुळे नवऱ्याच्या दृष्टीने बायकोचा शाकाहार ही थेट त्याच्या बढतीवर आलेली आपत्ती ठरते. दुसऱ्या प्रसंगात सगळे कुटुंब जमलेले असताना वडील तिच्या थोबाडीत मारतात आणि तिच्या तोंडात मांसाचा तुकडा कोंबतात. हे वडील व्हिएतनाम युद्धात लढून आलेले आहेत आणि तिथल्या पराक्रमाची फुशारकी मारत असतात. दक्षिण कोरियाने 1964 ते 1973 या काळात अमेरिकेच्या बाजूने तीन लाखांहून अधिक सैनिक व्हिएतनामला पाठवले होते. ती हिंसा घरी परतून जेवणाच्या टेबलाशी येऊन बसते. कादंबरीचे तीनही भाग इतरांच्या नजरेतून येतात, पहिला नवऱ्याच्या, दुसरा मेव्हण्याच्या आणि तिसरा बहिणीच्या. जिच्याविषयी हे सारे आहे तिच्या वाट्याला तुटक स्वप्नांपलीकडे निवेदन येत नाही, आणि घरातल्या बाईचे म्हणणे सोडून बाकी सर्वांचे म्हणणे ऐकून घेतले जाणे ही गोष्ट पुरेशी कोरियन आहे, आणि केवळ कोरियन नाही, हे आपणही मान्य कराल.

तरीही हान कांग यांच्या पुस्तकांपैकी कोरिया समजण्यासाठी मी ‘ह्यूमन अ‍ॅक्ट्स’ हातात देईन. मे 1980 मध्ये ग्वांगजू शहरात लष्करी कायद्याविरुद्ध उठलेल्या नागरिकांवर सैन्याने गोळ्या चालवल्या. कादंबरीतला डोंग-हो हा शाळकरी मुलगा एका व्यायामशाळेत ठेवलेल्या प्रेतांची देखभाल करतो. नंतरची प्रकरणे एकेक करून पुढच्या वर्षांत सरकतात : 1985 साली सेन्सॉरच्या तावडीत सापडलेल्या पुस्तकापायी सात थपडा खाल्लेली प्रकाशनसंस्थेतली संपादिका, तुरुंगवास भोगून मोडलेला माणूस, कारखान्यातल्या चळवळीतून आलेली स्त्री, आणि मुलाच्या आठवणीत जगणारी आई. हान कांग यांचा जन्म ग्वांगजूचाच, 1970 चा. घटनेच्या काही महिने आधी त्यांचे कुटुंब सोलला गेले आणि त्यांनी सोडलेल्या घरात पुढे राहणारा मुलगा या गोळीबाराच्या दिवसांत मारला गेला. अशा घटनेवरची कादंबरी घोषणांच्या आहारी जाण्याची भीती असते. ही कादंबरी मात्र प्रेते धुण्याच्या, कापड पांघरण्याच्या, मेणबत्ती बदलण्याच्या कामांना चिकटून राहते.

3 डिसेंबर 2024 च्या रात्री राष्ट्राध्यक्ष यून सक-योल यांनी लष्करी कायदा पुकारला, तेव्हा काही तासांत सोलचे नागरिक संसदेसमोर उभे राहिले आणि सदस्यांनी आत जाऊन तो रद्द करण्याचा ठराव केला. हान कांग यांनी स्टॉकहोममध्ये नोबेल स्वीकारले ते त्यानंतर बरोबर एका आठवड्याने. ‘ह्यूमन अ‍ॅक्ट्स’ वाचलेल्या माणसाला, मध्यरात्री घरून निघून थंडीत संसदेकडे जाणारे लोक कोणत्या आठवणीने निघाले होते, हे वेगळे सांगावे लागत नाही.

प्रश्न : लग्न आणि शिक्षण या दोन गोष्टींवर कोरियन लोक एवढा खर्च का करतात, याचा अभ्यासपूर्ण उलगडा कुठे मिळेल? मी समाजशास्त्राचा विद्यार्थी आहे.
— एक वाचक, औरंगपुरा, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : लग्नासाठी लॉरेल केंडल यांचे ‘गेटिंग मॅरीड इन कोरिया’ (1996) वाचावे. मानववंशशास्त्रज्ञ असलेल्या केंडल यांनी मध्यस्थ, लग्नाची सभागृहे आणि दोन्ही घरांतल्या देण्याघेण्याच्या तक्रारी यांतून बदलत्या समाजाचे चित्र काढले आहे, आणि कोण किती रुसले हे लिहायला त्या संकोचत नाहीत. शिक्षणासाठी मायकेल सेथ यांचे ‘एज्युकेशन फीव्हर’ (2002) आहे. नोव्हेंबरमधल्या प्रवेशपरीक्षेत इंग्रजी श्रवणाचा भाग चालू असताना विमानांची ये-जा सुमारे अर्धा तास थांबवली जाते, आणि सोलमध्ये खासगी शिकवण्या रात्री दहाला बंद करण्याचा नियम करावा लागला. इथवर गोष्टी कशा आल्या त्याचा इतिहास सेथ देतात. या दोन्हींना जोडून नॅन्सी एबलमन यांचे ‘द मेलोड्रामा ऑफ मोबिलिटी’ (2003) घ्यावे. त्यात सोलमधल्या आठ मध्यमवयीन स्त्रिया आपण वर कशा आलो, किंवा मागे का राहिलो, हे आपल्या तोंडाने सांगतात. तिन्हींतले हे मला सर्वांत आवडते, पण पहिली पन्नास पाने सैद्धान्तिक आहेत. विद्यार्थी म्हणून आपल्याला ती टाळता येणार नाहीत, इतरांनी खुशाल टाळावीत.

प्रश्न : युद्धाआधीच्या, देशाची फाळणी होण्यापूर्वीच्या कोरियातले घरगुती जीवन कोणत्या पुस्तकात मिळेल? आणि उत्तर कोरियाचे काय?
— एक वाचिका, मडगाव

उत्तर : पहिल्यासाठी पार्क वान-सो यांचे आत्मचरित्रात्मक ‘हू एट अप ऑल द शिंगा?’ (1992). लेखिकेचा जन्म 1931 चा, आणि त्यांचे गाव ज्या केसोंग शहराजवळ होते ते शहर आज उत्तर कोरियात आहे. लेकीला शिकवून ‘नवी स्त्री’ करायचेच असा ध्यास घेतलेली विधवा आई तिला सोलच्या तुरुंगाजवळच्या टेकडीवरच्या दरिद्री वस्तीत आणते, शिवणकाम करून घर चालवते आणि शेजाऱ्यांना तुच्छ लेखत राहते. या आईइतके जिवंत पात्र मला कोरियन वाङ्मयात दुसरे भेटलेले नाही. जपानी अमलातली शाळा, स्वातंत्र्य, विद्यापीठात पाऊल टाकल्याबरोबर जून 1950 मध्ये सुरू झालेले युद्ध, असा प्रवास त्यात आहे. उत्तर कोरियासाठी बार्बरा डेमिक यांचे ‘नथिंग टु एन्व्ही’ (2009) पुरेसे आहे. चोंगजिन शहरातून निसटलेल्या सहा जणांच्या मुलाखतींवर ते उभे आहे आणि 1990 च्या दशकातल्या दुष्काळात माणसांनी काय खाऊन दिवस काढले ते त्यात तपशिलाने आले आहे. दोन्ही पुस्तके पाठोपाठ वाचणार असाल तर पार्क वान-सो आधी घ्या, म्हणजे डेमिक यांच्या पुस्तकातली आजी-आजोबांची पिढी आपल्या ओळखीची निघेल.