मेसिएच्या यादीतल्या दीर्घिका मेसिएनेच शोधल्या का? गोव्यातून त्यातल्या कोणत्या दिसतील?

तुम्ही दोन गोष्टी विचारल्यात: ज्यांच्या नावाआधी 'एम' लागतो त्या सगळ्या दीर्घिका (गॅलेक्सी) अठराव्या शतकातल्या मेसिए या फ्रेंच ज्योतिर्विदाने शोधल्या का, आणि म्हापशाहून लहान दुर्बिणीने त्यातलं काही दिसेल का. पहिल्याचं उत्तर नाही. दुसऱ्याचं हो, पण शहराच्या उजेडातून थोडं बाहेर पडायला हवं. मी पेडण्याकडच्या एका सड्यावर सहा इंची दुर्बीण घेऊन जातो, त्या अनुभवावरून सांगतो.

चार्ल्स मेसिएला दीर्घिका नकोच होत्या, त्याला धूमकेतू हवे होते. लांबचा धूमकेतू दुर्बिणीत धुरकट ठिपक्यासारखा दिसतो, आणि तसेच दिसणारे पण जागचे न हलणारे ठिपके आकाशात पुष्कळ. मे १७७९ मध्ये एका धूमकेतूचा माग काढताना कन्या राशीतल्या अशाच एका ठिपक्याला तो धूमकेतू समजला. काही रात्री गेल्या तरी ठिपका तिथेच, तेव्हा चूक कळली. तो ठिपका म्हणजे आजची एम ६१. असली फसगत टाळायलाच तो आधीपासून अशा ठिपक्यांची यादी करत होता. १७७४ मध्ये छापली तेव्हा ४५ नोंदी होत्या, १७८१ मध्ये १०३ झाल्या, आज ११० धरतात. त्यात दीर्घिका चाळीसच्या आसपास, बाकीचे तारकागुच्छ आणि तेजोमेघ.

या दीर्घिका कोणी आधी पाहिल्या ते एकेक करून मोजलंत, तर सर्वांत मोठा वाटा मेसिएचा निघत नाही, त्याचा सहकारी पिएर मेशँ याचा निघतो. एम ६३, एम ७४, एम ७७, एम १०१, सोम्ब्रेरो म्हणून प्रसिद्ध असलेली एम १०४, सगळ्या त्याच्या. मेशँ शोधायचा आणि कळवायचा, मेसिए स्वतः पाहून जागा मोजायचा आणि नोंद करायचा. एम १०४ तर छापील यादीत नव्हतीच, मेसिएने आपल्या प्रतीत हाताने लिहिलेली नोंद सापडल्यावर १९२१ मध्ये ती यादीत आली. मेशँचं नाव इतकं मागे पडलं याचं मला मनापासून वाईट वाटतं. मेसिएचा स्वतःचा वाटाही लहान नाही. १८ मार्च १७८१ या एकाच रात्री त्याने कन्या राशीच्या परिसरातल्या आठ दीर्घिका नोंदल्या. त्यातली एक एम ८७. २०१९ मध्ये कृष्णविवराचं पहिलं चित्र प्रसिद्ध झालं ते हिच्याच गाभ्याचं.

इतरही आहेत. देवयानीतली एम ३१ नुसत्या डोळ्यांनी दिसते, आणि अल-सूफी या फारसी ज्योतिर्विदाने इ.स. ९६४ मध्येच तिचं वर्णन लहानसा ढग असं केलं होतं. तिच्या शेजारची एम ३२ ल जाँतीने १७४९ मध्ये पाहिली. शुक्राचं अधिक्रमण, म्हणजे शुक्र सूर्यबिंबासमोरून सरकताना, बघायला पाँडिचेरीला निघालेला ल जाँती तो हाच. १७६१ मध्ये तो वेळेत किनाऱ्याला लागला नाही, हलत्या जहाजावरून काही मोजता आलं नाही. मग आठ वर्षं थांबला, आणि ४ जून १७६९ ला पाँडिचेरीत नेमके ढग आले. जूनचे ढग म्हणजे काय ते आपल्याला माहीत आहे. त्या माणसाचं नाव आठवल्याशिवाय मी एम ३२ बघत नाही.

माझ्या जवळची मात्र एम ८३. लाकाय या फ्रेंच ज्योतिर्विदाने ती १७५२ मध्ये केप ऑफ गुड होपहून पाहिली, लिस्बनहून गोव्याला येणारी जहाजं वळसा घालत तेच हे केप. त्याची दुर्बीण जेमतेम अर्ध्या इंचाची. मेसिएला हीच दीर्घिका १७८१ मध्ये पॅरिसहून दिसली ती महत्प्रयासाने. दुर्बिणीतल्या मोजणीच्या तारांवर थोडा उजेड पाडला तरी ती नाहीशी होते, असं त्याने लिहून ठेवलंय. कारण सरळ आहे: पॅरिसहून ती क्षितिजावर जेमतेम अकरा अंश चढते. आपल्या गोव्यातून पंचेचाळीस अंश, म्हणजे अर्ध्या आकाशात.

मी ती पहिल्यांदा पाहिली शिगमा आटोपल्यावरच्या अमावास्येला, पाडव्याच्या आदल्या रात्री, दीडच्या सुमारास. सड्याचा दगड अजून कोमट होता, आणि नेत्रिकेवर, म्हणजे डोळा लावायच्या भिंगावर, दव धरत होतं ते दर पाच मिनिटांनी पुसावं लागे. चित्रेच्या खाली दक्षिणेला वीसेक अंश, किंचित डावीकडे दुर्बीण नेली, तर काहीच नाही. मग दुर्बिणीच्या नळीला बोटाने हलकीशी टिचकी मारली. चित्र थरथरलं आणि त्या थरथरीत एक गोल, फिका डाग उमटला. आपली नजर स्थिर असलेला मंद डाग सोडून देते, हललेला पकडते. जागा कळल्यावर मात्र नुसती तिरकी नजर ठेवली तरी पुरलं, आणि मधला भाग उजळ आहे हेही दिसलं. दीडेक कोटी वर्षांपूर्वी निघालेला उजेड तो.

हे डाग म्हणजे आपल्या आकाशगंगेसारख्याच वेगळ्या दीर्घिका, हे मेसिए, मेशँ, लाकाय यांच्यापैकी कोणालाच कळलं नाही. एम ५१ ची सर्पिल रचना लॉर्ड रॉसला १८४५ मध्ये आयर्लंडमध्ये ७२ इंची आरशातून दिसली. एम ३१ मधला एक रूपविकारी, म्हणजे तेज कमी-जास्त होणारा, तारा अमेरिकन ज्योतिर्विद हबलने १९२३ मध्ये ओळखला, त्यावरून अंतर निघालं आणि हे डाग आपल्या आकाशगंगेतले की बाहेरचे हा वाद मिटला.

आता तुमचं. सुरुवात एम ३१ पासून करा, तुळशीच्या लग्नानंतर पाऊस पूर्ण ओसरला की, चंद्र नसताना. शर्मिष्ठेचा एम अक्षरासारखा आकार आणि भाद्रपदांचा चौकोन यांच्या मध्ये शोधा, १० बाय ५० ची (दहापट मोठं दाखवणारी, ५० मिलिमीटर भिंगांची) द्विनेत्री पुरते. एम ३२ ला दुर्बीण हवी. एम ८३ साठी मार्च-एप्रिलची अमावास्या धरा, मेमध्ये हवा दमट होते. दक्षिणेकडे गाव किंवा हॉटेलांचे दिवे नसलेली जागा आधी दिवसाउजेडी बघून ठेवा. टॉर्चला लाल जिलेटीन बांधा आणि पहिली वीस मिनिटं मोबाईल खिशातच राहू द्या.