जुन्या पुण्याची पायी सफर: खासगी मार्गदर्शक घ्यावा का?

आपण विचारले आहे, की डिसेंबरात आई-वडिलांसह आपण चौघे नागपूरहून पुण्यात येणार आहात, हाताशी एकच सकाळ आहे, वडिलांचे गुडघे दुखतात, आणि अशा वेळी जुने पुणे पायी पाहण्यासाठी खासगी मार्गदर्शक घ्यावा, एखाद्या गटाच्या फेरीत नाव नोंदवावे, की मोबाइलवरचा नकाशा पाहत आपले आपणच फिरावे. मी पेठेतच लहानाचा मोठा झालो. बाहेरगावचे पाहुणे आले की त्यांना गावात फिरवून आणण्याचे काम घरात माझ्याकडेच असते, आणि जिथे माझे ज्ञान अपुरे पडते तिथे मी पैसे देऊन मार्गदर्शकही घेतलेले आहेत. आपल्या बाबतीत खासगी मार्गदर्शक घ्यावा, असेच माझे मत आहे. मात्र तो पारखून घ्यावा आणि त्याच्याकडून काय हवे ते आधी सांगावे.

याचे मुख्य कारण पुण्याच्या स्वभावात आहे. या शहरात पाहण्यासारखे जे होते त्यातले पुष्कळसे आज जागेवर नाही. शनिवारवाड्याची पायाभरणी १० जानेवारी १७३० रोजी झाली आणि २२ जानेवारी १७३२ रोजी वास्तुशांत झाली. १८२८ च्या आगीत आतले महाल जळून गेले आणि तटबंदी, दरवाजे, नगारखाना व दगडी जोती एवढेच मागे राहिले. बुधवारवाडा १८७९ च्या आगीत गेला. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटले आणि मुठेच्या काठचे कितीतरी जुने वाडे त्या पुरात बसले. आगीतून आणि पुरातून जे वाचले, त्यांतले बरेच वाडे मालक आणि भाडेकरू यांच्या वर्षानुवर्षांच्या वादांत खिळखिळे झाले व शेवटी पुनर्विकासात नाहीसे झाले. त्यामुळे जयपूरला किंवा म्हैसूरला राजवाड्यासमोर उभे राहिल्यावर जसे न सांगताही बरेच उमजते, तसे येथे होत नाही. दिल्ली दरवाज्यातून आत आलेला पाहुणा हिरवळ, कोरडे हौद आणि जोत्यांच्या रांगा पाहून ‘एवढेच का?’ असे विचारतो, आणि त्यात त्याची काही चूक नसते. कोणत्या जोत्यावर दरबार भरत होता, हजारी कारंजे कोणासाठी केले होते, मस्तानी दरवाजा कोणत्या बाजूला आणि का, हे जागेवर उभे राहून बोट दाखवत सांगणारा माणूस लागतो. फलक आहेत, पण उन्हात उभे राहून चार फलक वाचले की पाचवा कोणी वाचत नाही.

गटाच्या फेऱ्या वाईट असतात असे मी म्हणणार नाही. एकट्या माणसासाठी त्या स्वस्त आणि पुरेशा असतात. परंतु लक्ष्मी रस्त्याच्या गर्दीत वीस-पंचवीस माणसांचा घोळका पदपथावर मावत नाही, मागच्यांच्या कानावर माहितीपेक्षा रिक्षांचे भोंगेच अधिक पडतात, आणि आपल्या वडिलांना मध्येच पाच मिनिटे बसावेसे वाटले तर सारा गट खोळंबतो. याहून महत्त्वाची गोष्ट अशी, की पेठांमधले उरलेले वाडे ही लोकांची राहती घरे आहेत. ओळखीच्या मार्गदर्शकाने दिंडी दरवाज्यातून हाक दिली, तर चार माणसांना चौकापर्यंत येऊ देण्यास बहुतेक घरे नाही म्हणत नाहीत. वीस जणांचा जमाव मात्र कोणीही घरात घेणार नाही. ओसरीचे लाकडी खांब, डोक्यावरचे कडीपाट, कोनाडे, खुंट्या, चौकातला आड आणि तुळशीवृंदावन हे सगळे एका जागी, वापरात असलेले पाहायला मिळते ते अशाच एखाद्या घरी. खासगी सफरीचे पैसे खरे वसूल होतात ते येथे.

आता मार्गदर्शक पारखायचा कसा. केंद्राच्या पर्यटन मंत्रालयाचा परवाना असलेले मार्गदर्शक असतात, आणि परवाना नसलेले पण वास्तुकलेचा किंवा इतिहासाचा मनापासून अभ्यास केलेले लोकही पुण्यात अशा सफरी घडवतात. शनिवारवाडा भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या अखत्यारीतील संरक्षित स्मारक असल्यामुळे तेथे आत जाऊन माहिती देण्याची मुभा त्याला आहे का, हे विचारून घ्यावे. परंतु परवान्याने माणसाचा अभ्यास कळत नाही. त्यासाठी मी दूरध्वनीवरच एक साधा प्रश्न विचारतो: पेशव्यांच्या काळात या शहराला पाणी कुठून येत होते? ज्याने शहर पायाखाली घातले आहे तो लगेच कात्रजच्या तलावाचे नाव घेतो. नानासाहेब पेशव्यांच्या कारकिर्दीत, १७५० च्या सुमारास, कात्रजहून बांधीव नळ काढून केवळ उताराच्या जोरावर पाणी गावात आणले गेले. नळाच्या वाटेवर हवा खेळती राहावी आणि गाळ काढता यावा म्हणून उच्छ्वास, म्हणजे नळावर उघडणारी बांधीव तोंडे, ठेवली गेली, आणि ते पाणी वाड्यांत व ठिकठिकाणच्या हौदांत पडू लागले. काळा हौद, सदाशिव हौद, नाना हौद ही अशा जुन्या हौदांचीच नावे आहेत. हे सांगताना ज्याचा आवाज खुलतो, त्याला खुशाल पैसे द्यावेत.

याउलट जो पहिल्या वाक्यातच ‘काका मला वाचवा’ या हाकेवर येतो, त्याच्यापासून सावध राहावे. ३० ऑगस्ट १७७३ रोजी नारायणरावांचा शनिवारवाड्यात खून झाला, हे सत्य आहे. पौर्णिमेच्या रात्री ऐकू येणारी हाक ही लोकांनी रंगवलेली गोष्ट आहे, आणि आनंदीबाईंच्या ‘ध चा मा’ची कथाही आख्यायिका म्हणूनच सांगितली पाहिजे. गोष्ट सांगू नये असे माझे म्हणणे नाही, कारण आईंना ती आवडेलच. परंतु कागद काय सांगतो आणि लोक काय सांगतात हे वेगळे करून दाखवणारा मार्गदर्शक हवा. सार्वजनिक गणेशोत्सव १८९२ मध्ये भाऊ रंगारी यांच्यापासून धरायचा की १८९३ मध्ये लोकमान्य टिळकांपासून, हा पुण्यातला वाद तो कसा मांडतो यावरूनही बरेच कळते. दोन्ही बाजू शांतपणे मांडणारा अभ्यासू असतो, आणि एकाच बाजूने तावातावाने बोलणारा अस्सल पुणेकर असतो, एवढेच.

मार्गाविषयी माझा आग्रह असा आहे, की एका सकाळी सारे पुणे पाहण्याचा हव्यास धरू नये. आगाखान पॅलेस, पर्वती आणि कॅम्प ही ठिकाणे या दिवशी सोडून द्यावीत. भुयारी मेट्रोची कसबा पेठ आणि मंडई ही दोन स्थानके २०२४ मध्ये सुरू झाल्यापासून काम सोपे झाले आहे. पहिल्यापाशी सुरुवात करावी आणि दुसऱ्यापाशी संपवावी, म्हणजे वडिलांना आल्या वाटेने परत चालावे लागत नाही.

शनिवारवाडा आणि लाल महाल अगदी जवळजवळ आहेत. लाल महालाची आजची इमारत महापालिकेने १९८० च्या दशकात उभारलेली आहे, शहाजीराजांच्या काळातली नव्हे, हे माहीत असले म्हणजे पुढे निराशा होत नाही. १६६३ च्या एप्रिलमधल्या शाहिस्तेखानावरील छाप्याची हकिकत ऐकण्यापुरते तेथे थांबावे. तेथून कसबा गणपती जवळच आहे. जिजाबाईंच्या काळापासून मान असलेले हे ग्रामदैवत आहे आणि विसर्जन मिरवणुकीत पहिला मान त्याचाच असतो. संकष्टी चतुर्थी आणि अंगारकी हे दिवस मात्र टाळावेत, कारण त्या दिवशी दर्शनाच्या रांगेतच सकाळ जाते.

कसब्यात खरा वेळ द्यावा तो तांबट आळीला. आळीत शिरण्याआधीच ठोके ऐकू येतात. तांब्याचा पत्रा कापून, तापवून, ठोकून त्याचे बंब, घंगाळी, हंडे आणि तपेली करणारी घरे येथे पेशवाईपासून आहेत. भांडे तयार झाल्यावर त्यावर हातोडीने एकसारखे ठसे उमटवतात, त्याला मठारकाम म्हणतात. त्याने चकाकी येते हे सर्वांना दिसते. परंतु त्या ठोक्यांनी मऊ तांबे कडक होते आणि भांड्याला लवकर पोचे येत नाहीत, हे कारागिराने समजावून सांगितल्यावरच लक्षात येते. काम थांबवून बोलायला कारागिराला सवड असतेच असे नाही, म्हणून मार्गदर्शकाची तेथे ओळख असणे महत्त्वाचे. छायाचित्र काढण्यापूर्वी विचारावे. हातोडीचे ठोके फार सकाळी सुरू होत नाहीत आणि सुट्टीच्या दिवशी आळी गप्प असते, तेव्हा आपला दिवस कामाचा असेल असेच पाहावे. याच कसब्यात कुंभारवाडा, बुरूड आळी आणि कागदीपुरा आहे. एका पेठेत इतके व्यवसाय आपापल्या गल्ल्या धरून कसे बसले, हे चालतानाच कळते.

तेथून दक्षिणेकडे वळून तांबडी जोगेश्वरीवरून दगडूशेठ हलवाई गणपतीपर्यंत यावे. बहुतेक फेऱ्या येथे दर्शन घेऊन पुढे सरकतात, आणि समोरच्या बाजूला पाहायचे राहून जाते. जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी १८४८ मध्ये मुलींची शाळा सुरू केली तो भिडे वाडा तेथेच होता. मोडकळीस आलेली ती इमारत डिसेंबर २०२३ मध्ये राष्ट्रीय स्मारकासाठी पाडण्यात आली. पेशव्यांचे पुणे सांगून फुल्यांचे पुणे गाळणारी सफर मला अर्धवट वाटते, आणि तसे मी मार्गदर्शकाला तोंडावर सांगतो. मंडईपाशी पोहोचल्यावर हा धागा पुन्हा हाती लागतो. अष्टकोनी मनोऱ्याची ती इमारत १८८६ मध्ये गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने खुली झाली. नगरपालिकेचे सभासद असताना जोतीरावांनी बाजाराच्या इमारतीवरील खर्चाला विरोध केला होता आणि तो पैसा शिक्षणाकडे वळवावा असे त्यांचे म्हणणे होते. आज त्याच इमारतीला महात्मा फुले मंडई म्हणतात. मधल्या वाटेवर नाना फडणवीसांचा बेलबाग आणि तुळशीबागेतले राममंदिर आहे. तुळशीबागेत खरेदीला कधी जायचे हे आईंशी आधीच ठरवून घ्यावे, नाहीतर सफर तेथेच संपेल. दुसऱ्या बाजीरावांचा विश्रामबागवाडा निदान बाहेरून तरी पाहावा. त्याच्या दर्शनी सज्जाचे लाकूडकाम रस्त्यावरूनही नीट दिसते.

एक ठिकाण या वाटेवर नाही, तरी त्यासाठी रिक्षा करावी असे मी सुचवीन. सोमवार पेठेतला त्रिशुंड गणपती. १७५४ मध्ये भीमगिरजी गोसावी यांनी बांधायला घेतलेले हे काळ्या दगडातले छोटे मंदिर आहे. आतली मूर्ती तीन सोंडांची आणि मोरावर बसलेली आहे, आणि दर्शनी भिंतीवर गेंड्याला साखळदंड घालणारा इंग्रज शिपाई कोरलेला आहे. आत संस्कृतबरोबर फारसी शिलालेखही आहे. तळघरात महंतांची समाधी असून ते गुरुपौर्णिमेला उघडतात. वेळ कमी पडला आणि शनिवारवाड्याचा आतला भाग किंवा त्रिशुंड यांतून एकच निवडायचे झाले, तर मी त्रिशुंड निवडीन. हे मत अनेक पुणेकरांना पटणार नाही.

पैशांविषयी इतकेच सांगतो, की सांगितलेली रक्कम माणशी आहे की संपूर्ण सफरीची, तिकिटे आणि रिक्षा त्यात धरली आहेत का, आणि ठरल्यापेक्षा अर्धा तास जास्त लागला तर काय, हे आधी विचारावे. रक्कम संपूर्ण सफरीची असेल, तर चौघांत विभागल्यावर खासगी सफर फारशी महाग पडत नाही. एका मार्गदर्शकाने माझ्या पाहुण्यांना शेवटी एका दुकानात नेऊन बसवले होते आणि त्यातच पाऊण तास गेला. तेव्हापासून ‘दुकानात थांबणार नाही’ ही अट मी आधीच घालतो.

आरक्षण करताना लेखी कळवावे, की सफर मराठीतून हवी, अडीच तासांपेक्षा अधिक नको, वडिलांसाठी दर अर्ध्या तासाने बसायला जागा आणि वाटेत स्वच्छतागृह लागेल, आणि पाहुणे मराठी असल्यामुळे तुळशीवृंदावन म्हणजे काय किंवा गणपतीला हत्तीचे तोंड कसे आले हे सांगू नये. हे शेवटचे वाक्य गमतीचे वाटेल, परंतु परदेशी पाहुण्यांची सवय असलेल्या मार्गदर्शकांचा निम्मा वेळ याच गोष्टींत जातो, आणि तो वाचला तर एखादा वाडा अधिक पाहून होतो.