आपल्याकडच्या एसी मॉलचा मूळपुरुष कुठला?

अमेरिकेतला साउथडेल सेंटर. मिनियापोलिसला लागून इडाइना नावाचं उपनगर आहे, तिथे १९५६ च्या ऑक्टोबरमध्ये उघडला आणि अजून चालू आहे.

तिकडे थंडीत पारा शून्याच्या पार खाली जातो, लोक खरेदीला बाहेर पडायलाच कंटाळतात, म्हणून डेटन कंपनीने (आजची ‘टार्गेट’ ही अमेरिकन दुकानांची साखळी म्हणजे हीच मंडळी) आर्किटेक्ट व्हिक्टर ग्रुएनला धरलं आणि त्याने ७२ दुकानं एका छपराखाली आणली, बाहेर बर्फ पडो नाहीतर ऊन, आत बारा महिने साधारण २४ डिग्री, मधोमध मोठा चौक, त्यात झाडं आणि पक्ष्यांचा उंचच्या उंच पिंजरा. दुकानांची तोंडं आत, रस्त्याकडे नुसती भिंत. आपले मॉल बाहेरून खोक्यासारखे दिसतात ना, ते इथूनच आलंय.

गंमत म्हणजे ग्रुएन मूळचा व्हिएन्नाचा, त्याला भोवती घरं, शाळा, दवाखाना असं अख्खं गाव वसवायचं होतं. पण त्याच्या नकला निघाल्या त्या दुकानं आणि पार्किंगच्याच, म्हातारपणी तो इतका वैतागला की असल्या मॉलशी माझा काही संबंध नाही म्हणून मोकळा झाला.