‘नुसती कंबरदुखी’ म्हणून क्लेम नाकारला

प्रश्न : माझे मिस्टर बुटीबोरीला कारखान्यात आहेत, वय ४४. पाण्याचा कॅन उचलताना कमरेत चमक निघाली. दुपारपर्यंत उजवा पाय बधिर झाला, अंगठा वर उचलेना. धंतोलीतल्या एका रुग्णालयात पाच दिवस भरती होते. एमआरआय झाला, सलाईनमधून औषधं दिली, मणक्यात इंजेक्शन दिलं. ऑपरेशन टळलं. बिल ८६,००० रुपये झालं. विमा कंपनीचं पत्र आलं : आजार ‘एम ५४.५, कंबरदुखी’, भरती फक्त तपासण्यांसाठी, म्हणून क्लेम नामंजूर. मेडिक्लेमला चार वर्षं पूर्ण झाली आहेत, हप्ता एकदाही चुकला नाही. रुग्णालयाच्या बिलिंग काउंटरवर म्हणतात, ‘पाय घसरून पडले असं दाखवून कोड बदलून देतो.’ तसं करावं का?
— एक वाचक, मानेवाडा, नागपूर

उत्तर : ताई, ते करू नका. न झालेला अपघात कागदावर आणला की तुमचा खरा क्लेमही खोटा ठरतो. कंपनी पॉलिसी रद्द करू शकते आणि भारतीय न्याय संहितेतली फसवणुकीची आणि बनावट दस्तऐवजाची कलमं तुमच्यावर येऊ शकतात. शिवाय त्याची गरजच नाही. तुमच्या मिस्टरांच्या केस पेपरमध्ये जे खरं लिहिलंय, तेच तुमचं बळ आहे.

हा कोड येतो कुठून, ते आधी पाहू. क्लेम फॉर्मचा ‘भाग ब’ रुग्णालय भरतं आणि त्यात जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या यादीतला आजाराचा कोड टाकतं. एम ५४.५ म्हणजे कारण न ठरलेली कंबरदुखी. पण त्याच यादीत या कोडखाली स्पष्ट लिहिलंय की मणक्यातली चकती सरकल्यामुळे होणारी कंबरदुखी इथे धरायची नाही, आणि पायात उतरणारी कळ असेल तर तिला एम ५४.४ हा वेगळा कोड आहे. चकतीमुळे नस दबली असेल तर एम ५१.१ येतो. भरतीच्या पहिल्या तासात निदान ठरलेलं नसतं, म्हणून एम ५४.५ लिहिला जातो. तोच पुढे डिस्चार्ज कार्डावर आणि क्लेम फॉर्मवर तसाच उतरतो. मला तर हे वारंवार दिसतं. (इंटरनेटवर ‘एम ५४.५ आता चालत नाही, एम ५४.५० लिहा’ असं वाचाल. तो बदल अमेरिकेच्या स्वतःच्या आवृत्तीत १ ऑक्टोबर २०२१ पासून झाला. आपल्या क्लेमशी त्याचा संबंध नाही.)

आता रुग्णालयाकडे लेखी अर्ज करा आणि संपूर्ण केस पेपर मागा : भरतीची नोंद, रोजच्या तपासणीच्या नोंदी, नर्सचा औषधांचा तक्ता, इंजेक्शनची नोंद, एमआरआयचा अहवाल. मेडिकल कौन्सिलच्या २००२ च्या नियमांनुसार रुग्णाने मागितल्यावर ७२ तासांत हे द्यावं लागतं. त्यात एक गोष्ट शोधा : पायाच्या अंगठ्याची ताकद कमी झाल्याची, बधिरपणाची नोंद. एमआरआय एकटा पुरत नाही. चकती थोडी बाहेर आलेली असूनही काहीच दुखत नाही अशी माणसं पुष्कळ असतात, आणि कंपनीचे डॉक्टर नेमकं तेच म्हणतील. तपासणीत दिसलेली कमजोरी आणि एमआरआयमध्ये दबलेली नस एकमेकांशी जुळली, की ही ‘नुसती कंबरदुखी’ राहत नाही.

ही नोंद घेऊन उपचार करणाऱ्या डॉक्टरांना भेटा, काउंटरवरच्या माणसाला नको. मूळ कागदावर खाडाखोड करू देऊ नका. त्यांच्या लेटरहेडवर, तारीख, सही आणि नोंदणी क्रमांकासह, अंतिम निदान काय होतं, ते कशावरून ठरलं आणि योग्य कोड कोणता, असं पत्र घ्या. कोणता कोड लिहायचा हे डॉक्टर ठरवतील. तुम्ही आकडा सुचवू नका.

डॉक्टरांनी पत्र दिलं नाही तरी घाबरू नका. कंपनीने पॉलिसीतल्या ज्या कलमाचा आधार घेतलाय, त्यात कोडचा उल्लेखच नाही. ‘प्रामुख्याने’ तपासणीसाठी झालेली भरती वगळावी, एवढंच ते कलम म्हणतं. पाच दिवस सलाईनमधून औषधं आणि मणक्यात इंजेक्शन याला तपासणी कोण म्हणेल? कलम लागू होतं हे सिद्ध करण्याचा भार कंपनीवर आहे.

एक धोका मात्र आहे. चकतीचा आजार मान्य झाला की कंपनी प्रतीक्षाकाळाचा मुद्दा काढेल, कारण बहुतेक पॉलिसींत मणक्याच्या आजारांना पहिले २४ महिने संरक्षण नसतं. तुमची चार वर्षं झाली आहेत, तो प्रश्न मिटला. केस पेपरमध्ये ‘दोन वर्षांपासून अधूनमधून त्रास’ असं लिहिलेलं असलं तरी तो त्रास पॉलिसी घेतल्यानंतरचा आहे. पण पॉलिसीआधी कमरेसाठी डॉक्टरांकडे उपचार घेतले असतील आणि प्रस्ताव अर्जात सांगितले नसतील, तर ते तुमच्या वकिलाला पहिल्याच भेटीत सांगा. माहिती लपवल्याचा मुद्दा कंपनीला पाच वर्षं पूर्ण होईपर्यंत काढता येतो.

पुढची पायरी कंपनीच्या तक्रार कक्षाची. विमा कंपन्यांवर देखरेख ठेवणाऱ्या आयआरडीएआयच्या २०२४ च्या परिपत्रकानुसार क्लेम नाकारण्याआधी कंपनीच्या समितीची मंजुरी लागते आणि नकाराचं नेमकं कलम कळवावं लागतं. दोन्ही लेखी मागा. महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर विमा लोकपालाकडे जा. विदर्भासाठी पुण्याचं कार्यालय आहे, तक्रार ऑनलाइन होते, फी नाही आणि वकील लागत नाही. मुदत नकारापासून एक वर्ष. ग्राहक आयोगाचा रस्ताही आहे, तिथे दोन वर्षं. तुम्ही नागपुरात राहता, म्हणून तक्रार इथल्याच जिल्हा आयोगात करता येते. दोन्हीकडे एकाच वेळी जाता येत नाही. ८६,००० रुपयांसाठी मी आधी लोकपाल म्हणेन. आणि सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये सौराष्ट्र केमिकल्सच्या निकालात सांगितलंय की नकारपत्रात नसलेलं कारण कंपनीला नंतर पुढे करता येत नाही. म्हणून ते पत्र पाकिटासकट जपा.

केस पेपरचा अर्ज उद्याच द्या. दोन प्रती न्या, दुसरीवर रुग्णालयाचा शिक्का आणि तारीख घ्या. ७२ तास तिथून मोजायचे.