पुरावा बंद झालाय, आता पुढे काय?

प्रश्न : वाटपाच्या दाव्यात मी प्रतिवादी आहे. आजारपणामुळे ओळीने तारखा चुकल्या, कोर्टाने आमचा पुरावा बंद केला (म्हणजे आता आमचे साक्षीदार देता येत नाहीत), आता केस युक्तिवादाला लागलीय. काही होऊ शकतं का?

उत्तर : होऊ शकतं, पण आधी लगेच अर्ज टाका, निकाल लागला की मग अपीलच. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली (कोर्टाचे अंगभूत अधिकार) पुरावा बंदचा आदेश रद्द करून मिळावा असा अर्ज द्यायचा, आणि त्यात नुसतं 'तब्येत बरी नव्हती' लिहून भागत नाही बरं का, डिस्चार्ज कार्डची झेरॉक्स, कुठल्या तारखेला नेमकं काय झालं ते आणि प्रतिज्ञापत्र लावा. सरतपासणीचं प्रतिज्ञापत्रही (म्हणजे तुमच्या साक्षीदाराची लेखी साक्ष) तयारच ठेवा, म्हणजे वेळ काढताय असं जजना वाटणार नाही. याच संहितेतल्या ऑर्डर १८ रूल १७ चं नाव बरेच जण घेतात, पण तो तपासून झालेल्या साक्षीदाराला कोर्टाने परत बोलवण्यासाठी आहे, तुमच्या साक्षीदाराची तर तपासणीच झालेली नाही. २०११ च्या वेलुसामी निकालात सुप्रीम कोर्टाने कलम १५१ चा मार्ग मान्य केलाय, मात्र पुराव्यातल्या उणिवा भरून काढायला तो वापरू नका असंही बजावलंय. कॉस्ट (उशिराबद्दल कोर्ट भरायला लावतं ती रक्कम) बसेल, ती मुकाट भरा. अर्ज फेटाळलाच तर संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली हायकोर्ट.