ओबीमध्ये (ऑर्गनायझेशनल बिहेवियर, म्हणजे कामाच्या ठिकाणी माणसं कशी वागतात याचा अभ्यास) पीएचडी करायचीये? आधी एवढं कर

अरे मस्त, ये या लाइनमध्ये! फक्त सुरुवातीलाच 'लीडरशिप' एवढा अवाढव्य विषय धरू नकोस, बरेच जण तिथेच अडकतात. छोटा प्रश्न घे, म्हणजे बेस्टच्या डेपोत नव्या कंडक्टरला जुने लोक काम कसं शिकवतात असं काहीतरी, आणि परवानगी काढून तिथे जाऊन बस, त्यांच्यासोबत चहा पी, बघ, आणि त्याच रात्री लिहून काढ, दोन दिवसांनी अर्धं आठवत नाही, माझं पहिलं वर्ष असंच गेलं.

- स्टॅटिस्टिक्स आत्ताच शिक.
- १९२४ ते १९३२ चे शिकागोजवळच्या कारखान्यात कामगारांवर झालेले हॉथॉर्न प्रयोग वाच, त्यांच्यावरची टीकासुद्धा.
- पवई (आयआयटी बॉम्बे) असो की देवनार (टिस), गाइडचे पेपर वाचूनच अर्ज कर.

थिअरीचं नंतर बघू. प्रश्न सुचला की इथेच टाक, आपण बसून नीट करू.