फायबरची पॅचकॉर्ड (उपकरणं जोडणारी छोटी केबल) ५-६ वर्षांनी बदलावीच लागते का? सिग्नल कमी झालाय.

नाही, नुसतं वय झालं म्हणून बदलू नका. आधी कनेक्टरचं टोक साफ करा. सिंगल-मोड (एकाच वाटेने प्रकाश नेणाऱ्या) फायबरचा गाभा जेमतेम ९ मायक्रॉनचा असतो, त्यामुळे बोटाचा तेलकट डागही प्रकाश अडवतो. लेझर बंद करून फेरूल (कनेक्टरच्या टोकाची बारीक नळी) लिंट-फ्री, म्हणजे धागे न सुटणाऱ्या, वाइपवर एकाच दिशेने पुसा. डाग चिवट असेल तर ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल लावा आणि लगेच कोरड्या वाइपने टिपा. फुंकर मारू नका, ओलावा बसतो. अ‍ॅडॉप्टरच्या (दोन कनेक्टर जोडणाऱ्या सॉकेटच्या) आतलं टोकही साफ करा. हेच बहुतेक जण विसरतात आणि पुसलेलं टोक पुन्हा माखतं. मग पॉवर मीटरने (प्रकाशाची ताकद मोजणाऱ्या यंत्राने) सिग्नल मोजा. मात्र टोकावर ओरखडा किंवा टवका दिसला, किंवा कॉर्ड कनेक्टरपाशी मुरगळलेली असली, तर बदलाच.